एकसारखे पोशाख

उत्तरप्रकाश बघायला मला कुणी गाडीत घालून नेईल, असं जन्मात वाटलं नव्हतं. आमच्या बाल्सफ्योर्डला रात्रीच्या आभाळातला तो हिरवा उजेड स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसतो. भांडी विसळताना दिसतो, कचऱ्याची पिशवी टाकायला बाहेर पडलं की डोक्यावर असतोच. लहानपणी आम्हाला दटावायचे, त्याच्याकडे बघून शीळ घालू नका, हात हलवू नका, खाली येऊन उचलून नेईल. मी कधी हात हलवला नाही. तरी माझी वरात निघालीच.

हा उद्योग आमच्या सिल्येचा. पोरगी ओस्लोला असते, आणि ओस्लोला राहणाऱ्यांना उत्तरेचा पुळका फार. तिने आम्हा दोघांना ही सहल भेट दिली. फोनवर म्हणाली, जाण्याआधी एकदा नीट बघून घ्या, तिकडे नाही दिसणार.

तिकडे म्हणजे स्पेनला. अलिकान्तेजवळ एका इमारतीत आमचा फ्लॅट ठरला होता, गॅलरीतून समुद्र दिसतो म्हणे. जसा काही इथे आम्हाला समुद्र बघायला मिळत नव्हता. इथलं घर सोमवारी विकायचं होतं. बँकेत जाऊन सह्या केल्या की संपलं. आणि मला जायचं नव्हतं. हे आधीच सांगून टाकते, कारण तेव्हा मी ते कुणालाही सांगितलेलं नव्हतं.

झालं असं की फेब्रुवारीत हालवारने, म्हणजे माझ्या नवऱ्याने, जेवणाच्या टेबलावर त्या फ्लॅटचं रंगीत पत्रक ठेवलं. बोलला काहीच नाही. सारी नोकरी त्याने फेरीबोटीच्या इंजिनाशेजारी काढली. तिथे ओरडूनही ऐकू जात नाही, म्हणून त्याने बोलायचंच सोडून दिलं असावं. मी पत्रकाकडे बघितलं, मग त्याच्याकडे. हिवाळाभर राखेसारखा झालेला त्याचा चेहरा जरा उजळला होता. मी म्हटलं, "चालेल."

आमच्याकडे सगळ्यालाच चालेल म्हणतात. पाव करपला तरी चालेल, डॉक्टरने पाय कापायचा म्हटला तरी चालेल. हालवारने लग्नाचं विचारलं तेव्हाही मी हेच म्हटलं होतं. पण या वेळी माझ्या त्या एका शब्दावर सगळ्यांनी इमले बांधले. हालवारने बँकेला कळवलं, बँकेने दलालाला. सिल्येने स्पॅनिश शिकायचं पुस्तक पाठवलं. शेजारच्या आस्लॉगने माझ्या बर्फावरच्या ढकलगाडीवर डोळा ठेवला आणि तसं तोंडावर सांगितलंसुद्धा. उन्हाळा गेला, पानं गळली. मी रोज सकाळी ठरवायची, आज सांगायचंच, आणि संध्याकाळी तेच तोंड घेऊन झोपायची. घर माझ्याभोवती रिकामं होत चाललं होतं आणि खोकी मीच भरत होते.

घर घेणारा होता योमार. पस्तिशीचा, हालवारएवढाच उंच, हसतमुख. हिवाळ्यात तो परदेशी पाहुण्यांना मिनीबसमध्ये घालून उत्तरप्रकाश दाखवायला नेतो. सिल्येने सहल त्याच्याकडेच ठरवली होती, म्हणजे घर घेणारा घर विकणाऱ्यांना फिरवून आणणार होता. माझ्या न्हाणीघराचं त्याला सौना, म्हणजे वाफेची खोली, करायचं होतं. माझ्या झोपायच्या खोलीवर काचेचं छप्पर बसवायचं होतं, पाहुण्यांना गादीवर पडल्यापडल्या आकाश दिसावं म्हणून. हे त्याने माझ्याच टेबलावर बसून, माझाच केक खात मला समजावलं. मी म्हटलं, चालेल.

आता कुणी विचारेल, नवऱ्याला सांगायला काय तोंड शिवलं होतं का? तर हो. आमच्या भागात महत्त्वाचं बोलणं समोरासमोर होत नाही. ते होडीत होतं, नाहीतर गाडीत. शेजारी शेजारी बसायचं, दोघांचे डोळे एकाच दिशेला, मग शब्द निघतात. माझ्या आईने बापाला आपल्या छातीतल्या गाठीचं होडीतच सांगितलं होतं, मासे काढता काढता. होडी आम्ही ऑगस्टमध्ये विकली आणि सप्टेंबरमध्ये गाडी. राहिलं टेबल, आणि टेबलाला माणसं समोरासमोर बसतात. म्हणून सिल्येच्या सहलीचं मी मनातल्या मनात स्वागतच केलं. काळोखात सगळी माणसं वर बघत उभी असतात. तिथे सांगता येईल, असं मी धरून चालले. सोमवारच्या आत दुसरी संधी नव्हती.

शनिवारी दुपारी योमारने आम्हाला दारातून उचललं. डिसेंबर होता, सूर्य केव्हाच वर यायचा थांबला होता. डोंगरांमागे थोडा निळा उजेड होता, तोही आम्ही निघेपर्यंत मावळला. गाडीत दोन इटालियन बहिणी होत्या, एक नवं लग्न झालेलं डच जोडपं होतं आणि डीटर नावाचा एक म्हातारा जर्मन होता, मांडीवर कॅमेऱ्याचं तिकाटणं धरून बसलेला. योमार सगळ्यांशी इंग्रजीत बोलत होता. मला आणि हालवारला सोडून आमची भाषा फक्त त्यालाच येत होती.

आम्ही दोघं इथलेच, हे कळल्यावर इटालियन बहिणींना फार गंमत वाटली. थोरलीने विचारलं की रोज बघायला मिळतो तर मग पुन्हा कशाला बघता. मी म्हटलं, निरोप द्यायला. तिने छातीवर हात ठेवला. हालवार खिडकीबाहेर बघत होता.

इकडे किनाऱ्यावर ढग होते, म्हणून योमारने गाडी स्किबोटनच्या खोऱ्यातून वर घातली आणि सीमा ओलांडून फिनलंडच्या पठारावर नेली. तिथे आकाश धुतल्यासारखं होतं. एका गोठलेल्या तळ्याच्या काठी तो थांबला आणि डिकीतून अंगभर घालायचे पोशाख काढून वाटायला लागला. गडद निळे, कापसाने फुगलेले, पायापासून डोक्यावरच्या टोपीपर्यंत अखंड. मी म्हटलं, माझा कोट मला पुरतो. योमार म्हणाला, आत्ता पुरतो, तासाभराने नाही पुरणार, आणि बाहेर सगळ्यांनी घालायचा हा नियम आहे. मग मीही घातला. वर मोठे हातमोजे, नाकापर्यंत मफलर. घालून झाल्यावर आम्ही सगळे उभ्या केलेल्या गाद्यांसारखे दिसायला लागलो. कोण बाई, कोण बुवा, काही कळेना.

योमारने शेकोटी पेटवली, भोवती रेनडिअरची कातडी अंथरली आणि सगळ्यांना माशाचं सूप दिलं. सूप बरं होतं, मीठ कमी होतं. थोड्या वेळाने पूर्वेला एक करडा पट्टा उठला. पाहुण्यांना तो ढग वाटला. योमारने कॅमेऱ्यात धरून दाखवला तर हिरवागार. डच नवरी म्हणाली, डोळ्यांना का नाही दिसत? योमार म्हणाला, डोळे घाईत असतात, कॅमेरा थांबून बघतो. हे वाक्य तो रोज म्हणत असणार.

मग खरोखरच उठला. नाही म्हणायला नको, छान होता. पठारभर हिरवा पसरला, कडेला जांभळी झालर, आणि सगळं हलायला लागलं. धाकटी इटालियन शीळ घालायला लागली तेव्हा मी तिला हाताने खूण करून गप्प केलं.

योमारने सगळ्यांना शेकोटीच्या मागे एका ओळीत उभं केलं. फोटो काढायचा होता. अशा फोटोला वेळ लागतो, हलायचं नाही, बोलायचं नाही, नुसतं वर बघायचं. "जवळ या, अजून जवळ," करत त्याने ओळ दाबली, माणसं इकडची तिकडे झाली. हालवार माझ्या उजव्या हाताला होता. तोंडाच्या वाफेने माझा चष्मा आधी धुरकटला आणि मग त्यावर बर्फ धरलं. मला काहीच दिसेना, वर हिरवं काहीतरी हलतंय एवढंच. योमारचा आवाज आला, की आता तो बरेच फोटो काढणार आहे, सांगेपर्यंत कुणी जागा सोडू नका.

मला वाटलं, बोदिल, हीच वेळ. काळोख आहे, माणूस शेजारी आहे, तोंडं वर आहेत. मी उजवीकडचा हातमोजा हातात धरला आणि हळू आवाजात बोलायला सुरुवात केली.

"मला काही सांगायचंय. मध्ये बोलू नकोस." हे सांगायची तशी गरज नव्हती. "मी स्पेनला येणार नाही. मला घर विकायचं नाही. तू खूश दिसलास म्हणून मी चालेल म्हटलं, आणि मग ते मागे घ्यायची हिंमत झाली नाही. मला इथेच राहायचंय, या काळोखातच. मला तो आवडतो. तुला जायचंच असेल तर तू जा."

शेवटचं वाक्य मी उगाच म्हटलं, माणसं म्हणतात तसं. हालवार माझ्याशिवाय कुठे जाईल, हे माझ्या स्वप्नातही नव्हतं.

तो काहीच बोलला नाही. पण मी इतकी वर्षं संसार केला तोच मुळी काही न बोलणाऱ्या माणसाशी, त्यामुळे त्यात मला काही वावगं वाटलं नाही. आणि मग त्याने माझा हात दाबला. एकदा, थांबून पुन्हा एकदा. हालवारने शेवटचा माझा हात केव्हा दाबला होता ते मला आठवेना. मी चष्म्याआड रडत होते आणि ते पाणीही तिथेच गोठत होतं. छातीवरचं ओझं उतरणं कशाला म्हणतात ते मला तेव्हा कळलं. मला त्या पठारावर नाचावंसं वाटलं.

फोटो झाले, ओळ मोडली. मी आधी गाडीत जाऊन बसले, पोशाख उतरवला, चष्मा पुसला. थोड्या वेळाने हालवार आला. दाढीला बर्फ, डोक्यावर मी विणलेली लाल टोपी. माझ्या शेजारी टेकला. मी हसून विचारलं, कसा होता? मला ऐकायचं होतं ते वेगळंच.

"छान होता," तो म्हणाला. "मी तळ्याच्या कडेला गेलो होतो. डीटरच्या तिकाटण्यापाशी. तिथून चांगला दिसत होता."

मी विचारलं, फोटोच्या वेळीसुद्धा? तो म्हणाला, हो, फोटोच्या वेळीसुद्धा. मग मी कुणाचा हात धरला होता? इटालियन बहिणी माझ्या खांद्याएवढ्या, आणि उजवीकडचा हात तर उंच माणसाचा होता. डच नवरा हाताने बायकोला गुंडाळूनच होता. तेवढ्यात योमार येऊन स्टिअरिंगवर बसला आणि त्याने आरसा सारखा केला. आरशात आमची नजरानजर झाली. त्याने आरसा पुन्हा हलवला, मी दिसणार नाही असा. त्याच्या हातात कॅमेऱ्याची छोटी कळ होती, लांबून फोटो काढायची. मी ज्याला कॅमेऱ्यामागे समजत होते, तो ओळीत माझ्या शेजारी उभा होता.

म्हणजे नवऱ्याला सांगायचं ते मी घर घेणाऱ्याला सांगून बसले होते.

परतीच्या वाटेवर वारा सुटला. पठारावर वारा सुटला की रस्ता राहत नाही, नुसतं पांढरं उडत असतं. डोंगर उतरायच्या आधी रस्ता बंद करायचं फाटक लागतं, ते खाली आणलेलं होतं. आमच्यापुढे मोठ्या लॉऱ्या उभ्या होत्या. अशा वेळी बर्फ हटवणारं यंत्र खालून येतं आणि थांबलेल्या सगळ्या गाड्यांना मागे घेऊन एका ओळीत डोंगर उतरवतं. ओळीत थांबता येत नाही, वळता येत नाही, पुढच्या गाडीचा लाल दिवा सोडायचा नाही. यंत्र येईपर्यंत गाडीत बसून राहायचं. योमारने पाहुण्यांना हे इंग्रजीत समजावलं. डच नवरीने विचारलं, आपण मरणार का? तो म्हणाला, सूप शिल्लक आहे.

गाडी वाऱ्याने हलत होती. काचा आतून गोठल्या होत्या. मी दोन पुरुषांच्या मध्ये अडकून बसले होते, एकाला सगळं माहीत होतं आणि एकाला काहीच नाही. माहीत असलेला बोलला तर माझी शोभा होणार होती, नाही बोलला तर सोमवार येणार होता. पुन्हा तोंड उघडायचं तर ते बळ मी पठारावर खर्चून आले होते.

तेवढ्यात योमार मागे न बघता आमच्या भाषेत म्हणाला, "शेकोटीपाशी काही म्हणता काही ऐकू येत नाही बघ. लाकडं फार तडतडतात."

मला कळलं. त्याने मला वाट करून दिली होती, आणि स्वतःलाही. कुणी काही ऐकलं नाही. सोमवारपर्यंत गप्प राहायचं, की सगळं ठरल्याप्रमाणे. त्याचंही चूक नव्हतं, बायकोला दिवस गेले होते, कर्ज मंजूर झालं होतं, काचेच्या छपराची मापं घेऊन झाली होती. तरी मला त्याच्या मानेचा राग आला. हालवार म्हणाला, "हो, लाकडं ओली असतात." इतक्या मोकळ्या गप्पा मारायला त्याला काय झालं होतं, ते मला समजेना.

पाहुणे कंटाळले तसा योमारने कॅमेराच मागे दिला, फोटो बघत बसा म्हणाला. कॅमेरा हातोहात फिरला. बहिणींनी चीत्कार काढले, डीटरने मान डोलावली. हालवारकडे आला तेव्हा त्याने न बघताच पुढे करायला घेतला, पण मी मध्येच घेतला.

फोटो सुंदर होता. वर हिरवं आभाळ, खाली बर्फाच्या उजेडात एका ओळीत निळ्या गाद्या. सूप पिताना मफलर खाली ओढलेले होते, त्यामुळे सगळ्यांचे चेहरे स्पष्ट आले होते. मी मध्ये, चष्म्याच्या जागी दोन पांढऱ्या चकत्या, तोंड उघडं, म्हणजे बोलतेय. माझ्या उजवीकडे योमार, कावराबावरा. आणि माझ्या डावीकडे, मला खेटून, निळ्या टोपीखाली लाल टोपीची कड, पांढरी दाढी. ओळीतले सगळे चेहरे आकाशाकडे होते. हालवारचा तेवढा माझ्याकडे होता.

मी पुढचा फोटो बघितला. त्यातही तसाच. त्याच्या पुढचाही. मी बोलत होते तितका वेळ तो माझ्याकडे बघत उभा होता, अगदी शेजारी.

मी कॅमेरा त्याच्या मांडीवर ठेवला. दोघांचे डोळे समोर, योमारच्या मानेवर.

"तू तळ्याकाठी नव्हतास," मी म्हटलं.

"नाही."

"ऐकलंस?"

"ऐकलं."

"सगळं?"

त्याने मान हलवली. "तू योमारला सांगत होतीस," तो म्हणाला. "मी म्हटलं, मला काही अजून सांगितलेलं नाही हिने. सोमवारपर्यंत पुन्हा धीर झाला नाही, तर..."

तर काय, ते त्याने पुरं केलं नाही. मला इतका संताप आला की कानात आवाज यायला लागला. जो माणूस आयुष्यभर काही बोलला नाही, त्याने आज तोंड उघडलं ते थाप मारायला. मी उठले आणि दाराच्या कडीला हात घातला. कुठे जाणार होते कुणास ठाऊक. मला त्या गाडीत एक क्षणही बसायचं नव्हतं.

"बोदिल, दार उघडू नकोस," योमार शांतपणे म्हणाला. "वारा दारच घेऊन जाईल."

मागचे सगळे माझ्याकडे बघत होते. मी बसले, दुसरं काय करणार होते? त्याच सीटवर, त्याच माणसाच्या मांडीला मांडी लावून.

मग हालवार बोलायला लागला. समोर बघत, आवाज न चढवता. त्याने विचारलं, गेल्या जानेवारीत मी दिवसभर होडीघरात असायचो, आठवतं? मी म्हटलं, जाळी दुरुस्त करायचास. तो म्हणाला, एकही नाही केलं.

"मग काय करायचास?"

"बसायचो."

"दिवा लावून?"

"न लावता," तो म्हणाला. "मला काळोख सोसत नाही, बोदिल. कधीच सोसला नाही. नोकरी होती तोवर खाली इंजिनात दिवे असायचे. आता आत काहीतरी बुडत जातं आणि मार्चपर्यंत वर येत नाही. यंदा ते वर येईल असं मला वाटत नाही."

मी रोज अकराला त्याच्यासाठी कॉफीचा थर्मास होडीघराच्या पायरीवर ठेवायची आणि दार वाजवून परत फिरायची, कामात व्यत्यय नको म्हणून. आत माझा नवरा काळोखात नुसता बसलेला असायचा. हे मला घर विकायच्या आदल्या शनिवारी, एका बंद फाटकापाशी, पाच परक्या माणसांसमोर कळत होतं. माझा राग कुठे गेला ते मला कळलं नाही, पण तो गेला आणि त्याच्या जागी भीती आली.

तरी मला जायचं नव्हतं. तो गॅलरीतला समुद्र डोळ्यांपुढे आणला तरी मला गुदमरायला होत होतं. दोन्ही खरं होतं, आणि एकाने दुसरं खोटं होत नव्हतं.

"मी येणार नाही, हालवार," मी म्हटलं. "आता तुलाच सांगतेय."

त्याने मांडीवरचा कॅमेरा बंद केला. मग म्हणाला, "चालेल."

त्या शब्दाच्या आत काय असतं, ते माझ्याइतकं कुणाला ठाऊक असणार? फेब्रुवारीत मी तो त्याच्यासमोर असाच ठेवला होता, अगदी याच आवाजात. मी जिंकले होते. घर माझं, काळोख माझा, आणि होडीघरात दिवा न लावता बसलेला नवराही माझा. नुसतं गप्प राहिलं की झालं.

पुढे पिवळा दिवा फिरताना दिसला. यंत्र आलं होतं. फाटक उठलं आणि गाड्या एकेक करून पांढऱ्यात शिरल्या. योमार पुढच्या लॉरीच्या लाल दिव्याला चिकटून चालला होता. डोंगर उतरेपर्यंत मी मनाशी झगडत होते.

"चालेल म्हणू नकोस," मी शेवटी म्हटलं. "खरंच चालणार आहे का?"

"नाही," तो म्हणाला. आणि पुढच्या वळणावर, "मग मी जाईन. एकटा."

मीच म्हटलं होतं ना, तुला जायचं असेल तर जा. तेच त्याने उचललं होतं. सूर्य परत आला की तू येशील ना, असं मला विचारायचं होतं. विचारलं असतं तर तो चालेल म्हणाला असता. म्हणून नाही विचारलं.

खाली वारा पडला तेव्हा ढग फाटले होते आणि डोंगराच्या टोकापासून टोकापर्यंत प्रकाश पेटला होता, पठारावरच्यापेक्षा कितीतरी मोठा. इटालियन बहिणी काचा खरवडून ओरडायला लागल्या, थांबवा, थांबवा. योमार म्हणाला, ओळीत थांबता येत नाही. डीटर तिकाटणं मांडीवर घेऊन हळहळत होता. मी वर बघितलं नाही. माझ्या शेजारी हालवार होता, आणि मी त्याच्याकडे बघत होते.

घराशी पोचल्यावर योमार खाली उतरला. टोपी काढून उभा राहिला आणि कुणाकडेच न बघता म्हणाला, "मग सोमवारी?"

"सोमवारी नको," हालवार म्हणाला. "घर राहू दे. ती राहतेय."

योमारने घराकडे बघितलं, वर छपराकडे बघितलं. मला त्याची खरंच दया आली. "चालेल," तो म्हणाला आणि गाडीत जाऊन बसला.

मी आत जाऊन दिवा लावला. माझं स्वयंपाकघर, माझी खिडकी, सगळीकडे भरलेली खोकी. मला हवं होतं ते मला मिळालं होतं आणि मी कोटसुद्धा न काढता त्याच्या मधोमध उभी होते. हालवार आत आला नव्हता. खिडकीतून बघितलं तर होडीघराचं दार उघडं होतं आणि आत दिवा नव्हता.

थर्मास भरायला लागणारा वेळही मी घेतला नाही. टॉर्च उचलला आणि खाली गेले. या वेळी दार वाजवून परत फिरले नाही. आत बाकावर एक माणूस पाठमोरा बसला होता, तोंड पाण्याकडे. मी शेजारी बसले. हात पुढे केला, आणि थांबले. आधी टॉर्च त्याच्या तोंडावर टाकला, नीट बघून घेतलं, आणि मग हात धरला.

"मीच आहे," हालवार म्हणाला.

स्पेनचं तिकीट मात्र आम्ही एकच काढलं.